दोर्लेआकच्या अपघाताआधीची सात वर्षे

प्रति,
मा. संपादक यांस,

स. न. वि. वि.

आपल्या दैनिकाच्या रविवार पुरवणीत अल्पायुषी चित्रपट-कलावंतांवर जे लेख येत आहेत, त्यांतील फ्रेंच अभिनेत्री फ्रान्स्वाज दोर्लेआक हिच्यावरचा लेख वाचून हे पत्र लिहीत आहे. मराठी वृत्तपत्रात हे नाव दिसणेच दुर्मीळ, त्यामुळे लेखकाचे आभार आधी मानते. मात्र लेखाचा निम्म्याहून अधिक भाग २६ जून १९६७ च्या मोटार-अपघाताने व्यापला आहे. उरलेल्यातला बराचसा भाग प्रख्यात फ्रेंच अभिनेत्री ‘कात्रीन दनवची थोरली बहीण’ या नात्याला दिला आहे. तिने पडद्यावर प्रत्यक्ष काय केले याच्या वाट्याला शेवटचा एक परिच्छेद आला आहे, आणि त्यातही चित्रपटांची नावे तेवढी एका ओळीत ओवलेली आहेत. हे प्रमाण नेमके उलटे असायला हवे होते, असे माझे म्हणणे आहे. ते पटवायचे तर तिच्या कामाबद्दल तपशिलाने लिहावे लागेल, तेव्हा पत्र लांबल्यास क्षमा असावी.

अपघाताबद्दल जे निश्चित आहे ते चार वाक्यांत सांगून होते. दक्षिण फ्रान्समधल्या सां-त्रोपेहून भाड्याची रेनो मोटार स्वतः चालवत ती नीसच्या विमानतळाकडे निघाली होती. तिला लंडनचे विमान गाठायचे होते. नीस थोड्याच अंतरावर राहिले असताना मोटारीवरचा तिचा ताबा सुटला, मोटार उलटली आणि तिने पेट घेतला. दोर्लेआकला त्यातून बाहेर पडता आले नाही. ती २५ वर्षांची होती. याच्यापुढे आपल्या लेखात जे येते, म्हणजे तिच्या भूमिकांमध्ये शोधलेल्या मृत्यूच्या चाहुली, वेगाचे वेड, नियतीची हाक वगैरे, ते सगळे अपघात घडून गेल्यानंतर मागे वळून चिकटवलेले आहे. त्या काळच्या फ्रान्समध्ये मोटारींनी माणसे मरणे ही नियतीची नव्हे, रोजच्या बातमीची गोष्ट होती. जानेवारी १९६० मध्ये लेखक आल्बेर काम्यू मोटार-अपघातातच गेला. १९७२ या एका वर्षात तेथील रस्त्यांवर १६ हजारांहून अधिक माणसे मरण पावली, आणि त्यानंतर कुठे, १९७३ मध्ये, शहराबाहेरच्या रस्त्यांवर पुढच्या आसनांसाठी पट्टा सक्तीचा झाला. दोर्लेआकच्या मृत्यूचे स्पष्टीकरण या आकड्यांत सापडते, तिच्या स्वभावात ते शोधण्याचे कारण नाही.

तिचा जन्म पॅरिसमधला, २१ मार्च १९४२ चा, आणि घर नटांचे. वडील मोरीस दोर्लेआक रंगभूमीवर आणि पडद्यावर कामे करीत, शिवाय अमेरिकन चित्रपट फ्रेंचमध्ये डब करण्याच्या व्यवसायात त्यांचे मोठे नाव होते. आई रने सिमोनो ही पॅरिसच्या ओदेऑं नाट्यगृहातली अभिनेत्री. बोलपट आल्यावर हॉलिवूडच्या नट्यांना फ्रेंच आवाज देणाऱ्या पहिल्या पिढीत तिची गणना होते. ऑलिव्हिया द हॅविलंडचा फ्रेंच आवाज तिचाच. (या बाई १९११ मध्ये जन्मल्या आणि २०२१ मध्ये, वयाच्या १०९ व्या वर्षी गेल्या. मुलीच्या मागे त्या ५४ वर्षे राहिल्या.) दुसऱ्याच्या चेहऱ्यासाठी आपला आवाज द्यायचा, ओठांची हालचाल पाहून वाक्य तेवढ्याच मापात बसवायचे, ही कारागिरी या घरात सकाळ-संध्याकाळ चाललेली असणार. दोर्लेआकच्या बोलण्यात जो अचूक ताल ऐकू येतो त्याचे मूळ मला तरी तिथे दिसते. पुढे तिने कॉन्झर्वात्वार या नाट्यशिक्षणसंस्थेत अभिनयाचे रीतसर शिक्षण घेतले, दिओर या फॅशनगृहासाठी मॉडेलिंग केले, कोलेत या फ्रेंच लेखिकेच्या कथेवरील ‘जीजी’ या नाटकात काम केले, आणि १९६० पासून ती चित्रपटांत दिसू लागली.

बहिणीचा विषय आलाच आहे, तर त्यातला क्रमही नीट लावून घेतलेला बरा. घरातून चित्रपटात आधी गेली ती फ्रान्स्वाज. १९६० च्या ‘ले पोर्त क्लाक’ या चित्रपटात तिच्या बहिणीच्या भूमिकेसाठी मुलगी हवी होती, तेव्हा तिने आपल्या धाकट्या बहिणीचे नाव सुचवले. दोर्लेआक हे आडनाव थोरलीने आधीच पडद्यावर नेले होते, म्हणून धाकटीने आईचे माहेरचे आडनाव घेतले, आणि कात्रीन दनव हे नाव तयार झाले. म्हणजे ज्या नावाच्या सावलीत आपला लेख दोर्लेआकला उभी करतो, ते नावच तिच्यामुळे घ्यावे लागलेले आहे. पुढची तीन वर्षे लहानसहान कामांची होती: मिशेल दविलच्या एका चित्रपटात एक पात्र, आर्सेन ल्युपँच्या चोरकथेत एक, आणखी काही ठिकाणी नुसतीच हजेरी. त्यांवर रेंगाळण्याचे कारण नाही. ते शिकण्याचे दिवस होते.

१९६४ वर मात्र थांबायलाच हवे. त्या वर्षी काही महिन्यांच्या अंतराने तिचे दोन चित्रपट आले. दोन्ही पाहिलेल्या माणसाला ही एकच मुलगी आहे हे मुद्दाम सांगावे लागते.

पहिला फिलीप द ब्रोकाचा ‘लोम द रिओ’. आठ दिवसांच्या रजेवर पॅरिसला आलेला एक शिपाई, त्याच्या डोळ्यांदेखत पळवली गेलेली त्याची प्रेयसी, एका संग्रहालयातून चोरीस गेलेली मूर्ती, आणि त्या सगळ्यांच्या मागे तिकिटाशिवाय विमानात शिरून थेट ब्राझील गाठणारा तो शिपाई, म्हणजे जाँ-पॉल बेलमाँदो. कथा पोरकट आहे आणि दिग्दर्शकाला ते पूर्ण ठाऊक आहे. बेलमाँदो इमारतींवरून लोंबकळतो, पाण्यात उड्या घेतो, नव्याने उभ्या राहणाऱ्या ब्राझीलियाच्या अर्धवट बांधकामांतून धावतो. सर्वांचे लक्ष साहजिकच त्याच्याकडे जाते. पण चित्रपट पुन्हा पाहताना दोर्लेआकच्या आन्येसकडे, म्हणजे त्या प्रेयसीकडे, पाहावे. जगात काय कोसळते आहे याच्याशी या मुलीचे देणेघेणे नाही. आपल्याला जे हवे ते या क्षणी का होत नाही, एवढीच तिची तक्रार. हिरव्या ताऱ्यांची गुलाबी मोटार तिला अगदी स्वाभाविक वाटते. मी इंदूरच्या हौशी मराठी रंगभूमीवर बरीच वर्षे विंगेत पुस्तक धरून उभी राहिले आहे, त्या सवयीने माझा कान नटाच्या वाक्याआधीच्या आणि नंतरच्या पॉझकडे जातो. या चित्रपटात दोर्लेआक पॉझ घेतच नाही. समोरच्याचे वाक्य संपण्याच्या आत तिचे सुरू झालेले असते, आणि तरी दोन्ही वाक्ये स्वच्छ ऐकू येतात. फार्स करणाऱ्या नटांना विचारून पाहावे, हे किती अवघड आहे. हशा वसूल करण्यासाठी ती कुठेही थांबत नाही. प्रेक्षक हसतात तेव्हा ती पुढच्या दोन वाक्यांवर पोहोचलेली असते.

दुसरा फ्रान्स्वा त्रूफोचा ‘ला पो दूस’. इथे सगळे उलटे आहे. पिएर हा चाळिशी ओलांडलेला, व्याख्याने देणारा, नावाजलेला साहित्यिक गृहस्थ. घरी पत्नी आणि मुलगी. लिस्बनला जाताना विमानातली हवाई सुंदरी निकोल त्याला दिसते, आणि त्याच हॉटेलच्या लिफ्टमध्ये दोघे पुन्हा समोरासमोर येतात. लिफ्टचा तो प्रवास त्रूफोने तुकड्यातुकड्यांनी लांबवला आहे. बोलणे जवळपास नाही, फक्त पाहणे आणि पाहिले नाही असे दाखवणे. ‘लोम द रिओ’मध्ये क्षणभर स्थिर न राहणारी मुलगी इथे काहीच करत नाही, आणि तिच्यावरून नजर हटत नाही. निकोलची भूमिका लिहिताना फसण्याची जागा उघड होती: मध्यमवयीन माणसाला नादी लावणारी तरुण मुलगी अशी ती सहज झाली असती. दोर्लेआकने तिला तसे होऊ दिले नाही. गाडीतून जाताना पिएर बोलून जातो की त्याला बायकांनी विजार घातलेली आवडत नाही, आणि पुढच्या पेट्रोल पंपावर ती आत जाऊन कपडे बदलून येते. या प्रसंगात तिने थोडीशी लाडीगोडी दाखवली असती तरी तो खपून गेला असता. ती मात्र हे असे करते, जणू तिला स्वतःलाच पाहायचे आहे की या माणसासाठी आपण किती दूर जाऊ. मग रँस शहरातला तो प्रसंग: पिएर तिथे आंद्रे जीद या लेखकावरच्या चित्रपटाची ओळख करून द्यायला गेला आहे, आपले संबंध कुणाला कळू नयेत म्हणून त्याने तिला बाहेर ठेवले आहे, आणि ती रस्त्यावर उभी आहे. तिचा अपमान होतो आहे हे तिच्या चेहऱ्यावर एकदम येत नाही. आधी कंटाळा येतो, मग अवघडलेपण, आणि खूप उशिरा, जवळजवळ नकोसे वाटत असताना, अपमान. शेवटी तो तिला दोघांसाठी घेऊ पाहत असलेली, अजून बांधकाम चालू असलेली सदनिका दाखवतो. तिथे ती त्याला नकार देते. त्यात कठोरपणा नाही, अश्रूही नाहीत. एका समजूतदार मुलीने उशिरा घेतलेला निर्णय ती आपल्यासमोर ठेवते. त्यानंतरचा चित्रपट पत्नीचा आहे, आणि त्याचा शेवट रक्तपाताचा आहे. पण माझ्या मते त्याचा खरा शेवट त्या अर्धवट घरातच होतो.

आता योगायोग असा की, मे १९६४ मध्ये फ्रान्समधल्या कान शहरातील चित्रपट-महोत्सवात ‘ला पो दूस’ स्पर्धेत होता आणि जाक देमीचा ‘ले पाराप्ल्युई द शेर्बुर’ही होता, ज्यात कात्रीन दनवची प्रमुख भूमिका होती. त्रूफोच्या चित्रपटाचे स्वागत थंड झाले आणि देमीच्या चित्रपटाने सर्वोच्च पारितोषिक नेले. त्या एका निकालाने पुढच्या साठ वर्षांचे लेखन ठरून गेले असे मला वाटते. तोवर दोघींमध्ये अधिक ओळखली जाणारी थोरली होती. ‘ला पो दूस’ची किंमत समीक्षकांना बऱ्याच वर्षांनी कळली, पण तोवर दोर्लेआकबद्दल लिहिण्याची जी पद्धत पडून गेली होती ती काही बदलली नाही, आणि आपल्या पुरवणीतील लेखही तीच पद्धत चालवतो.

पुढची दोन वर्षे बरीचशी इंग्रजी चित्रपटांत गेली. चंगीझखानावरच्या भपकेबाज चित्रपटात ती ओमर शरीफची पत्नी झाली, डेव्हिड निव्हनबरोबर एका हेरकथेत दिसली. या दोन्हींत तिला करण्याजोगे फारसे नव्हते. पण याच काळात रोमान पोलान्स्कीचा ‘कल-द-सॅक’ (१९६६) आहे, आणि तो एकटा त्या सगळ्यांची भरपाई करतो. इंग्लंडच्या ईशान्य किनाऱ्यावरचे होली आयलंड हे बेट, दिवसातून दोनदा भरतीच्या पाण्याखाली जाणारा तिथला एकमेव रस्ता, एक जुना किल्ला, त्यात राहणारा डोनल्ड प्लेझन्सचा भित्रा मध्यमवयीन गृहस्थ आणि त्याची फ्रेंच तरुण पत्नी तेरेझा, म्हणजे दोर्लेआक. तिथे जखमी झालेले दोन गुंड येऊन पडतात. तेरेझा नवऱ्याला आपला झगा घालते, त्याचे डोळे रंगवते. झोपलेल्या गुंडाच्या पायाच्या बोटांत कागद खोवून तो पेटवते. क्रूर आहे म्हणावे तर ती त्यात इतकी रमलेली असते की मुलांचा खेळ वाटतो. खेळ म्हणावे तर तिच्या हसण्यात काहीतरी भयंकर असते. पोलान्स्कीने याच्या आधीचा चित्रपट धाकट्या बहिणीला घेऊन केला होता, आणि त्यात तिचे गोठलेपण वापरले होते. थोरलीकडून त्याने घेतली ती अस्वस्थ, टोचणारी ऊर्जा. बर्लिन चित्रपट-महोत्सवाचे १९६६ चे सुवर्ण अस्वल, म्हणजे तिथले सर्वोच्च पारितोषिक, या चित्रपटाला मिळाले. पोलान्स्कीच्या पुढच्या आयुष्यातील गुन्ह्याची नोंद घेऊनच आज त्याचे चित्रपट पाहावे लागतात, हे मी विसरलेली नाही. पण त्यामुळे या अभिनेत्रीचे काम झाकले जाऊ नये.

आणि मग १९६६ च्या उन्हाळ्यात चित्रित झालेला, मार्च १९६७ मध्ये लागलेला जाक देमीचा ‘ले दमुआझेल द रोशफोर’. अटलांटिकजवळचे रोशफोर हे सतराव्या शतकात आरमारासाठी वसवलेले, आखीव रस्त्यांचे, पांढुरक्या दगडाचे गाव. देमीने तिथल्या खिडक्यांच्या झडपा आणि भिंती रंगवून घेतल्या आणि गावाच्या चौकात नाच बसवले. संगीत मिशेल लग्राँचे. दोघी बहिणी यात जुळ्या बहिणी आहेत: दनवची देल्फीन नाच शिकवते, दोर्लेआकची सोलांज संगीतरचना करते. दोघींचा एकत्र असा हा तिसरा आणि शेवटचा चित्रपट. सोलांजच्या हातून रस्त्यात सामान सांडते, ते गोळा करायला एक अनोळखी अमेरिकन वाकतो, आणि तिच्या रचनेचा एक कागद त्याच्याकडे राहून जातो. तो अमेरिकन म्हणजे हॉलिवूडचा नामवंत नर्तक-नट जीन केली, तेव्हा पन्नाशी ओलांडलेला. केलीसमोर नाचायचे म्हणजे कुणालाही धडकी भरावी. दोर्लेआकने त्याच्याशी नाचाची बरोबरी करण्याचा प्रयत्नच केला नाही. ती त्या नाचात अभिनय करते, आधी आश्चर्य, मग ओळख, मग आपणच आपल्यावर हसणे. ‘लोम द रिओ’मधला वेग आणि ‘ला पो दूस’मधली स्तब्धता या भूमिकेत एकत्र आलेली दिसते.

या चित्रपटाबद्दल इंदूरच्या वाचकांसाठी एक गोष्ट मुद्दाम लिहिते, कारण आपल्या लेखात ‘दोर्लेआकचा गोड गळा’ असा उल्लेख आहे. ती गाणी तिची नाहीत. सोलांजची गाणी क्लोद पाराँ या गायिकेने गायली आहेत, देल्फीनची आन जेर्माँने. आपला आवाज आपणच वापरणारी प्रमुख अभिनेत्री या चित्रपटात एकच, ती म्हणजे त्यांच्या आईच्या भूमिकेतली दानिएल दारिए. ज्यांनी आयुष्यभर दुसऱ्यांच्या चेहऱ्यांना आवाज दिले त्यांच्या मुलीच्या चेहऱ्याला, तिच्या सर्वांत लोकप्रिय चित्रपटात, दुसऱ्या कुणाचा आवाज मिळावा, हे मोठे गमतीचे आहे. पार्श्वगायिकेचे नाव न घेण्याची चूक तरी आपल्याकडे होऊ नये. लताबाईंचा जन्म याच शहरातला, शीख मोहल्ल्यातला. ‘महल’ (१९४९) चित्रपटात मधुबालाच्या तोंडी असलेल्या गाण्याची तबकडी आली तेव्हा तिच्यावर गायिका म्हणून पात्राचे, म्हणजे ‘कामिनी’चे, नाव छापले होते. पार्श्वगायनासाठी वेगळे पारितोषिक असावे म्हणून लताबाईंनी पुढे आग्रह धरला, आणि फिल्मफेअरमध्ये ते १९५९ पासून सुरू झाले. त्यामुळे ‘रोशफोर’मधली गाणी ऐकून दोर्लेआकची तारीफ करणाऱ्या इंदूरकराने निदान क्लोद पाराँचे नाव घ्यावे, ही अपेक्षा अवाजवी नाही. दोर्लेआकच्या वाट्याचे त्यामुळे कमी होत नाही. दुसऱ्याने गायलेल्या गाण्यात श्वास कुठे घ्यायचा, मान कुठे वळवायची हे तिने इतके चोख जमवले आहे की लेखकाची फसगत झाली, हीच तिच्या कामाला मिळालेली पावती.

यानंतर राहतो तो केन रसेलचा ‘बिलियन डॉलर ब्रेन’, मायकेल केनबरोबरचा, जो तिच्या मृत्यूनंतर त्याच वर्षी प्रदर्शित झाला. तो शेवटचा आहे म्हणून त्याला महत्त्व द्यावे असे त्यात काही नाही. आपल्या लेखात या चित्रपटातील तिच्या ‘विषण्ण डोळ्यां’बद्दल लिहिले आहे, मला त्यात हिमात कुडकुडणारी, हेरकथेत जेवढे लागते तेवढे काम नेमकेपणाने करणारी एक व्यावसायिक अभिनेत्री दिसते.

लेखाच्या अखेरीस ‘ती जगती तर’ असा एक हिशेब आहे, आणि त्यात ती दनवच्याही पुढे गेली असती असा निर्वाळा दिलेला आहे. हा हिशेब मला मुळातच मान्य नाही. तो दोघींवरही अन्याय करतो: धाकटीने पुढच्या अर्धशतकात कष्टाने जे मिळवले ते जणू मोकळ्या जागेमुळे मिळाले असे त्यातून सुचते, आणि थोरलीने सात वर्षांत, दीड डझनाच्या आसपास चित्रपटांत जे करून ठेवले ते कशाची तरी पूर्वतयारी ठरते. ‘ला पो दूस’मधली निकोल कशाचीही पूर्वतयारी नाही. ती भूमिका पूर्ण आहे. २२ व्या वर्षी केली म्हणून ती कमी पूर्ण होत नाही. आपल्याकडेही हेच चालते. स्मिता पाटील वयाच्या ३१ व्या वर्षी, डिसेंबर १९८६ मध्ये गेल्या. दर डिसेंबरात त्यांच्यावर जे लिहिले जाते त्यात रुग्णालय आणि तान्हे बाळ येते, त्यांनी पडद्यावर बाई कशी बसते, कशी चालते, कशी गप्प राहते हे कसे बदलून टाकले ते क्वचितच येते. भक्ती बर्वे फेब्रुवारी २००१ मध्ये वाईचा प्रयोग आटोपून परतताना द्रुतगती मार्गावर गेल्या, आणि त्यांच्यावरच्या कितीतरी लेखांत त्या रात्रीचाच तपशील अधिक. ज्यांनी त्यांची फुलराणी रंगमंचावर पाहिली आहे, त्यांना त्या रस्त्यापेक्षा त्या भाषेच्या चढउतारांबद्दल वाचायला आवडेल. अपघाताची बातमी एकदा द्यायची असते. नटाचे काम मात्र प्रत्येक नव्या प्रेक्षकाला नव्याने सांगावे लागते, आणि वृत्तपत्राच्या पुरवणीचे तेच प्रयोजन असावे.

फ्रान्सनेही तिची आठवण ठेवायला बराच वेळ घेतला. रोशफोरने १९९२ मध्ये चित्रपटाची पंचवीस वर्षे साजरी केली, तेव्हा दिग्दर्शिका आन्येस वार्दाने त्यावर माहितीपट केला. देमी तोवर गेला होता, आणि त्याच्यामागे त्याची ही पत्नी त्या गावात कॅमेरा घेऊन फिरली. गावातल्या एका चौकाला दोर्लेआकचे नाव आहे. १९९६ मध्ये कात्रीन दनवने पात्रिक मोदियानोबरोबर थोरल्या बहिणीवर पुस्तक केले. तीस वर्षे या विषयावर जवळपास मौन पाळलेल्या बाईने ते सोडले तेव्हा सोबतीला निवडला तो आठवणींचाच लेखक, पुढे नोबेल मिळवणारा. हे पुस्तक आपल्या लेखकाच्या हाती आले असते तर लेख वेगळा झाला असता असे वाटते.

आता एक विनंती. इंदूरमध्ये मराठी नाटकाचा प्रेक्षक ‘सानंद’सारख्या संस्थांमुळे टिकून आहे, आणि त्यातच चित्रपट गंभीरपणे पाहणाऱ्यांची लहान मंडळेही आहेत. येत्या २६ जूनच्या निमित्ताने त्यांपैकी कुणी दोर्लेआकचे चित्रपट दाखवणार असेल, तर ‘रोशफोर’ने सुरुवात करू नये, तो पाहून माणूस रंगांनी भारावतो आणि अभिनेत्री निसटते. आधी ‘लोम द रिओ’, त्याच आठवड्यात ‘ला पो दूस’, मग ‘कल-द-सॅक’, आणि ‘रोशफोर’ शेवटी, असा क्रम ठेवल्यास तीन वर्षांची उडी प्रेक्षकाला आपोआप कळेल. प्रती मूळ ध्वनीच्याच असाव्यात, खाली सबटायटल्स चालतील. पहिल्या दोन चित्रपटांची इंग्रजीत डब केलेली आवृत्ती मिळाली तरी ती घेऊ नये, कारण तिचा अर्धा अभिनय तिच्या बोलण्याच्या गतीत आहे. आपल्या पुरवणीने त्यावेळी या चार चित्रपटांवर चार छोटी टिपणे छापली, तर ते खेळ पाहायला येणाऱ्यांना उपयोगी पडेल.

हे पत्र छापताना जागेअभावी काटछाट करावी लागलीच, तर अपघाताचा परिच्छेद खुशाल गाळावा. १९६४ च्या दोन चित्रपटांचे परिच्छेद मात्र पूर्ण ठेवावेत.

आपली,
एक जुनी वाचक,
इंदूर